घरातला एकच फोन

४ जानेवारी

ठके,

तुला आशीर्वाद माझे रोजचेच आहेत, ते वेगळे लिहीत बसत नाही.

फोन का केला नाही म्हणशील. फोनवर तू नुसती "हं, हं" करतेस आणि मागे तुझी बोटं कशावर तरी टकटक करत असतात, ते मला ऐकू येतं. तुझी आई गेल्यावर तुला वसतिगृहात ठेवलं, तेव्हापासून आपलं खरं बोलणं पत्रातच झालंय. बसून लिहायचं म्हटलं की माणूस जरा तरी मनातलं लिहितं.

तर परवा बँकेने आम्हा बचत गोळा करणाऱ्यांना बोलावलं होतं. टेबलावर बिस्किटं होती. तेव्हाच माझ्या मनात पाल चुकचुकली, कारण एवढ्या वर्षांत तिथे आम्हाला कुणी पाणी विचारलं नव्हतं. मॅनेजर नवीन आहे, तुझ्याहूनही लहान असेल. तो म्हणाला, बाजाराच्या तोंडाशी एक यंत्र बसवणार आहेत. दुकानदारांनी रोजची बचत आपल्या हाताने त्यात टाकायची, काढायची तर तीही तिथूनच. आम्ही दारोदार फिरायची गरज उरणार नाही. "गरज उरणार नाही" हे तो दोनदा बोलला आणि दोन्ही वेळा हसला.

तू मुख्य ऑफिसात, त्याच यंत्रांच्या खात्यात. तुला हे आधीच माहीत असणार. मला एवढंच सांग, यंत्र दारात उभं राहतं का? आपल्या चावीवाल्याला तू लहानपणापासून ओळखतेस. बचतीचं नाव काढलं की त्याचं ठरलेलं, "थेंबेबाई, उद्या बघू." मग मी काहीच बोलत नाही, त्याच्या उजेडात उभी राहते. किल्ली घासायला दिसेनासं झालं की तो मुकाट्याने गल्ल्यात हात घालतो. त्याच्या घरावरचं छप्पर त्याच पैशांतून झालंय. थेंबे थेंबे तळे साचे म्हणून अख्खा बाजार मला थेंबेबाई म्हणतो, पण त्यांची तळी माझ्या पायांवर साचलीत, हे त्यांनाही ठाऊक आहे.

एकटी इस्त्रीवालीच अशी, की तिच्यापुढे कधी उभं राहावं लागलं नाही. मी कोपऱ्यावर दिसले की टेबलावरच्या कापडाखालून घडी घातलेली नोट बाहेर येते. तिची गोष्ट वेगळी आहे. ती मी कुणाला सांगितलेली नाही, तुलाही सांगणार नाही.

गुडघा आहे तसाच. जिना चढताना कुरकुरतो, उतरताना शिव्या देतो.

तुझी
मावशी

१५ जानेवारी

मावशी,

हाताने लिहितेय. अक्षर बघून नाक मुरडू नकोस, सवय गेलीय.

तुला मी स्वतः सांगणार होते, त्या मॅनेजरने सगळी मजा घालवली. पहिल्या खेपेला कुठल्या बाजारात यंत्रं बसवायची हे ठरवायला बैठक झाली, त्यात आपल्या बाजाराचं नाव मीच सुचवलं. का, तर तुझ्या गुडघ्यासाठी. सुट्टीत घरी यायचे तेव्हा तू संध्याकाळी बादलीत पाय सोडून बसायचीस आणि मला वाटायचं, मोठी झाले की पहिलं हे फिरणं थांबवायचं. आता थांबतंय. यंत्राशेजारी लोकांना शिकवायला एक मदतनीस लागतो, तिथे तुला नेमायला मी सांगितलंय. खुर्ची, पंखा आणि महिन्याचा पगार.

काम सोपं आहे. प्रत्येकाला एक कार्ड मिळेल आणि चार आकड्यांचा गुप्त नंबर. खात्याला मोबाइल जोडायचा. पैसे टाकले की लगेच मोबाइलवर मेसेज येतो, किती टाकले आणि एकूण किती शिल्लक आहे. कुणी कुणाला फसवू शकत नाही. तुझ्यावर लोकांचा विश्वास आहे हे खरं, पण प्रत्येक बाजारात थेंबेबाई नसते ना. गोळा केलेले पैसे घेऊन पळालेले लोक आमच्याकडे कमी नाहीत.

आणि यंत्र दारात उभं राहत नाही, पण ते सुट्टीही घेत नाही. लोकांना सवय होईल. तू काळजी करू नकोस.

ठकी

२२ फेब्रुवारी

ठके,

नाव तू सुचवलंस, ते वाचलं. त्यावर काय लिहावं ते सुचेना म्हणून पत्राला उशीर झाला. तुझ्या मनात चांगलंच होतं, एवढं मला कळतं.

यंत्र आलं. निळं आहे, कपाटाएवढं. बाजाराने त्याचं बारसं केलं, नाव ठेवलं जावईबापू. चहावाल्याची कल्पना. म्हणे मान द्यायचा, कोरं करकरीत द्यायचं, आणि तरी केव्हा रुसेल ते सांगता येत नाही. अगदी तसंच आहे. चुरगळलेली नोट दिली की परत तोंडावर टाकतो. नाण्यांकडे तर ढुंकूनही बघत नाही. चहावाल्याची सगळी कमाई नाण्यांची, म्हणून त्याचा राग जास्त. पंखा आहे, पण तो जावईबापूंच्या पाठीमागे, त्यांना उकडू नये म्हणून. मी आपली पुठ्ठ्याने वारा घेते.

पण एक सांगते, परवा पोट धरून हसले. नोटा नाकारायला लागल्यावर लोक त्या घेऊन इस्त्रीवालीकडे जायला लागले. ती पाण्याचा हबका मारते, वर फडकं टाकते आणि इस्त्री फिरवते. त्याचे पैसे घेत नाही. चावीवाला ती गरम नोट दोन बोटांत धरून धावत आला आणि यंत्राने ती घेतली तेव्हा आजूबाजूच्यांनी टाळ्या वाजवल्या. इस्त्रीवालीसुद्धा तिच्या टेबलापाशी उभी राहून हसत होती. तिला हसताना मी क्वचितच पाहिलंय.

शिकतायत लोक. मला वाटलं होतं त्यापेक्षा लवकर शिकतायत.

एक विचारायचं होतं. तो मोबाइल नंबर जोडलाच पाहिजे का? एखाद्या बाईला नसेल द्यायचा तर? समज तिच्याकडे स्वतःचा फोन नाही. अशा वेळी मी माझा नंबर लावला तर चालेल का? आणि यंत्र नको असेल तर बँकेत जाऊन पैसे भरता येतील का? एका बाईचा प्रश्न आहे. कोण ते विचारू नकोस. पण उत्तर लवकर लिही, मार्चमध्ये सगळ्यांचे नंबर जोडून द्यायचेत.

मावशी

२ मार्च

मावशी,

घाईत लिहितेय, इथे रोज बैठका चालल्यात.

नंबर जोडावाच लागतो, त्याशिवाय यापुढे खातं चालूच राहत नाही. एवढ्या लहान रकमा बँकेत घेणं आता बंद झालंय. आणि तुझा नंबर कुणालाही लावू नकोस. अजिबात नाही. एक नंबर एका खात्याला असा नियम आहे, आणि मदतनिसाने ग्राहकाच्या खात्याला स्वतःचा नंबर लावला असं तपासणीत निघालं तर तुझं काम तर जाईलच, वर चौकशी होईल. माझंही नाव येईल.

घरातला कुणाचाही नंबर चालतो. नवऱ्याचा, मुलाचा. सुरुवातीला बायका फोनचं नाव काढलं की घाबरतात, आमच्याकडे सगळीकडून हेच ऐकायला येतं. कोण आहे ती बाई? तिला समजाव, मेसेज तिच्याच भल्यासाठी आहे.

ठकी

१९ मार्च

ठके,

तुझं पत्र मिळालं. तुझ्या नावाला माझ्यामुळे बट्टा लागायला नको.

त्या बाईला नंबर जोडून दिला. घरात एकच फोन आहे, नवऱ्याचा. आम्ही दोघींनी बराच विचार केला. ती म्हणाली, त्याला वाचता येत नाही, तो फोनवर गाणी ऐकतो आणि कामाचे निरोप घेतो, मेसेज कधी उघडतही नाही. मलाही ते पटलं. दुसरा काही इलाज नव्हता, म्हणूनही पटलं असेल. कार्ड तिने टेबलावरच्या कापडाखाली ठेवलंय.

बाकी सगळं बरं.

मावशी

१० एप्रिल

मावशी,

आज तुला गोड बातमी. पहिल्या दोन महिन्यांत सगळ्यात जास्त बचत आपल्या बाजारातून जमा झाली. बैठकीत पडद्यावर आपल्या बाजाराचा फोटो दाखवला, त्यात एका कोपऱ्यात तू खुर्चीवर बसलेली आहेस, हातात पुठ्ठा. मी शेजारच्यांना सांगितलं, ती माझी मावशी. साहेब म्हणाले, या बाईंनी लोकांना शिकवलं म्हणून हे झालं.

मला वरची जागा मिळतेय. पगार वाढेल. तू आता नवीन चष्मा करून घे, पैसे मी पाठवते.

मदतनिसांचं काय करायचं ते जूनमध्ये पुन्हा बघतील, असं चाललंय. तू त्याची काळजी करू नकोस. त्या बाईचं काय झालं, घाबरायची थांबली का?

ठकी

३ जून

ठके,

इतके दिवस पत्र नाही म्हणून तुझे फोन येत होते आणि मी "बरी आहे" म्हणत होते. आता लिहिते ते शेवटपर्यंत वाच, आणि वाचून झाल्यावर फोन करू नकोस.

ती बाई म्हणजे आपली इस्त्रीवाली.

तिचा नवरा घरं रंगवायची कामं करतो. दारू पीत नाही, हात उचलत नाही. पण मुलीची शाळा संपली की तिचं लग्न करायचं, हे त्याच्या डोक्यात पक्कं. त्याच्या बहिणींचं तसंच झालं. मुलगी अभ्यासात चांगली, तिला नर्सचं शिक्षण घ्यायचं होतं. ती लहान होती तेव्हाच आईने माझ्याजवळ बोलून ठेवलं होतं, की यातलं त्याला काही कळता कामा नये. फी भरायची, मुलीला तिकडच्या वसतिगृहात नेऊन सोडायचं, आणि मग घरी येऊन त्याला सांगायचं. मग त्याला काय करायचं ते करू दे. मी शब्द दिला होता. बँकेचा कागदसुद्धा तिच्या घरी कधी गेला नाही, सगळं मीच सांभाळायचे. यंदा मुलीचं नाव यादीत लागलं. मेअखेर फी भरायची होती.

त्याला वाचता येत नाही हे खरं. पण आकडे सगळ्यांना वाचता येतात. रोज भिंतींची मापं घेणाऱ्या माणसाला आकडे कळत नसतील असं आम्हा दोघींना का वाटलं, कोण जाणे. रोज संध्याकाळी त्याच्या फोनवर मेसेज यायचा, एक लहान आकडा आणि एक मोठा. मोठा आकडा वाढत जायचा. आधी त्याला वाटलं कुणाचा तरी चुकून येतोय. मग त्याने बरोबरच्या कामगाराकडून वाचून घेतलं. त्या दिवशी तो घरी आला, जेवला, हात धुतले आणि म्हणाला, "कार्ड दे." तिने दिलं. नंबरही सांगितला.

दुसऱ्या दिवशी तो यंत्रापाशी आला. मी खुर्चीवर होते. हात जोडल्यासारखं करून म्हणाला, "बाई, पैसे कसे काढायचे ते जरा दाखवता का?"

मी म्हटलं, खातं तुमच्या बायकोचं आहे, तिला येऊ द्या. तो जराही चढ्या आवाजात बोलला नाही. म्हणाला, "कार्ड माझ्या घरचं आहे, नंबर तिनेच दिलाय, मोबाइल माझा आहे. यात चुकतंय काय, ते सांगा."

मी नुसती उठून यंत्राच्या पुढे उभी राहिले. मागे रांग होती. चावीवाल्याला वाटलं, माझा गुडघा दुखतोय, म्हणून तो मदतीला आला. "थेंबेबाई, तुम्ही बसा, मी दाखवतो," म्हणाला आणि दाखवलं. कार्ड कसं धरायचं, कुठलं बटण दाबायचं. सगळं मीच शिकवलेलं, एक गोष्ट चुकला नाही.

मी तशीच इस्त्रीवालीकडे गेले. एका दिवसात सगळे पैसे निघत नाहीत, काही राहिले होते. तिला म्हटलं, आत्ता बँकेत चल, कार्ड बंद करून टाकू. ती बाही पसरत होती. म्हणाली, "आणि संध्याकाळी घरी कुठे जाऊ?"

मग तिने इस्त्री उभी केली आणि विचारलं, त्याला सांगितलं कुणी. मी मेसेजचं सांगायला लागले. तिने मला पुरतं बोलू दिलं नाही.

"मशीन बोलत नाही, बाई. एवढी वर्षं तो माझ्या शेजारी झोपला आणि त्याला कळलं नाही. तुम्हाला बँकेचा पगार सुरू झाला, आणि कळलं."

ठके, मी तिथे उभी राहिले. ती पुन्हा कामाला लागली. थोड्या वेळाने एक गिऱ्हाईक आलं, म्हणून मला बाजूला व्हावं लागलं.

तो पुढचे काही दिवस येत राहिला, खातं रिकामं होईपर्यंत. रोज मला नमस्कार करायचा. त्याने जुनी मोटरसायकल घेतली, लांबच्या कामांना जायला. चहाच्या टपरीवर तो लोकांना सांगत होता, की बायको मला परका समजते, माझ्या घरात माझ्यापासून लपवून ठेवते. सांगताना त्याचे डोळे भरून आले, असं चहावाला म्हणाला. त्याचं अगदीच चूक म्हणवत नाही, हेच वाईट आहे. फी भरायची तारीख गेली.

आता बाजारात कुणी माझ्याशी पैशाचं बोलत नाही. थेंबेबाईच्या पोटात राहत नाही, असं झालंय.

मावशी

९ जून

मावशी,

पत्र ऑफिसात उघडलं. त्यानंतर दिवसभर काही काम झालं नाही.

तू फेब्रुवारीत हे मला का सांगितलं नाहीस, असं आधी मनात आलं. मग तुझी ओळ आठवली, उत्तर लवकर लिही. मी लवकर लिहिलं. कोण आहे ती बाई, असंही विचारलं, पण तुझ्या उत्तराची वाट पाहिली नाही. मला वाटलं, नेहमीचीच भीती.

आज मी साहेबांकडे गेले. म्हटलं, ज्यांना नको असेल त्यांचे मेसेज बंद करायची सोय करू. ते म्हणाले, मेसेज सुरक्षेसाठी आहेत, ते बंद करता येणार नाहीत. मग त्यांनी ते खातं उघडून पाहिलं. कार्ड खरं, नंबर बरोबर, तक्रार नाही. "नोंदीप्रमाणे सगळं व्यवस्थित आहे," म्हणाले. सूचना लिहून द्यायला सांगितली. मी लिहून दिली. तू म्हणशील, बैल गेला आणि झोपा केला. पण तोही नीट झालेला नाही.

मी रविवारी येते. इस्त्रीवालीला मी स्वतः समजावते. ती मला ओळखते, सुट्टीत घरी आले की माझे शाळेचे कपडे तिच्याकडेच असायचे. ती ऐकेल. फीची तारीख गेली असली तरी पुढच्या वर्षाचं काहीतरी बघता येईल.

ठकी

७ जुलै

ठके,

तू पोचल्याचा निरोप तेव्हाच मिळाला होता.

त्या रविवारचं तू मनाला लावून घेऊ नकोस. तू होतं तेवढं सगळं केलंस. स्वतःचा फोन काढून मेसेज कसा येतो ते दाखवलंस, यंत्रात नोट टाकून परत दाखवलंस. ती कॉलर दाबत ऐकत होती, तिची मुलगी मागे उभी राहून ऐकत होती. आणि शेवटी ती एवढंच म्हणाली, "ताई, तुमचं शिक्षण मोठं. पण मावशी तुमची आहे." परत जाताना बसमध्ये रडलीस का, ते मी विचारत नाही.

मुलीला पटलं होतं. तिच्या तोंडावरून मला दिसलं. आईला पटलं नाही, की पटवून घ्यायचं नाही, हे मला सांगता येणार नाही. मी खूप विचार केला. नवऱ्याचा राग धरला तर त्याच घरात, त्याच ताटावर बसायचं कसं? स्वतःचा धरला तर हात चालणार नाहीत. माझा राग धरला तर निदान दिवस निघतो. मग धरू दे, असं मी ठरवलंय. मी आता तिला समजवायला जाणार नाही.

जूनअखेर माझी खुर्ची उचलली. मॅनेजर म्हणाला, मदतनिसांची मुदत तेवढीच होती, लोक आता शिकलेत. त्याने हार आणला होता. मुदत आधीपासून ठरलेली होती आणि ते तुला माहीत होतं का, याचं उत्तर मला नकोय. लिहू नकोस.

लोक शिकलेत हे खरं आहे. चावीवाला टाकायचं विसरतो, काढायचं विसरत नाही. पूर्वी तो मला "उद्या बघू" म्हणायचा तेव्हा उद्या मी यायचे. आता उद्या कुणी येत नाही. चहावाल्याने तर कधीच सोडून दिलं.

चष्मा केला. पैसे पुरले.

मावशी

१२ ऑक्टोबर

मावशी,

नकोय म्हणालीस तरी लिहिते. मला माहीत होतं. मला वाटलं होतं, तोवर मी वरच्या जागेवर असेन आणि तुझी मुदत वाढवून घेईन. वरच्या जागेवर आल्यावर कळलं, की ते माझ्या हातात नाही.

दुसरी बातमी तुला बाजारात कळायच्या आधी मीच सांगते. आपल्या बाजारातलं यंत्र पुढच्या महिन्यात काढताहेत. लोक टाकतात त्यापेक्षा काढतात जास्त, ते परवडत नाही. ते एका हॉस्पिटलच्या दाराशी नेणार. कागदोपत्री मात्र आपला बाजार यशस्वी प्रयोग म्हणूनच राहील, कारण अहवाल पहिल्या दोन महिन्यांचा होता. तो मीच लिहिला होता.

मी म्हटलं, मग पुन्हा माणसं नेमा, दारोदार जाणारी. कुणी वादही घातला नाही. तो विभागच आता उरलेला नाही, म्हणाले. तेल गेलं, तूप गेलं, तू म्हणायचीस ना.

मावशी, तू इकडे ये. माझ्या घरात एक खोली मोकळी आहे. लिफ्ट आहे, जिना चढायला नको. तिथे आता तुला कोण आहे?

ठकी

२५ ऑक्टोबर

ठके,

तू लिहिलंस, बरं केलंस. आता त्यावर पुन्हा बोलायला नको. तुझ्यावर माझा राग नाही. तुझ्याऐवजी दुसरं कुणी त्या खुर्चीवर असतं तरी हेच झालं असतं, आणि त्याने मला पत्रही लिहिलं नसतं.

तुझ्याकडे येण्याचं म्हणशील तर आत्ता नको. इथे मला कोण आहे, याला उत्तर नाही. पण सकाळी आवरून झालं की पाय बाजाराकडे वळतात. नेहमीच्या वेळेला नेहमीच्या रस्त्याने एक फेरी होते. मी दिसले की काही जणांचा हात आपोआप गल्ल्याकडे जातो, मग त्यांना आठवतं, आणि ते काहीतरी हुडकल्यासारखं करतात. मीही दुसरीकडे बघते. चावीवाल्याचं छप्पर झालं, पण भिंतींचं काम तसंच राहिलंय. तो म्हणतो, पुढच्या वर्षी.

मी माझे कपडे इस्त्रीवालीकडे टाकते. मला एकटीला इस्त्रीचे कपडे कशाला लागतात, पण टाकते. ती घेते, नीट करून ठेवते, पैसे घेते, सुटे परत देते. कधी जास्त घेतले नाहीत, कधी वर बघितलं नाही. शेजारी आता दुसरं टेबल लागलंय, तिथे मुलगी उभी असते. स्थळं बघतायत तिच्यासाठी, असं ऐकलं. तिचा हात आईपेक्षा जलद आहे. गिऱ्हाइकं खूश आहेत.

काल आई कुठेतरी कपडे पोचवायला गेली होती आणि मुलगी एकटीच होती. मी पुढे झाले. तिला हळूच म्हटलं, की माझ्याजवळ थोडे पैसे आहेत, मला एकटीला लागतात किती. पुढच्या वर्षी पुन्हा अर्ज कर, फी मी देते. परत द्यायचे नाहीत. कुणाला सांगायचं नाही.

तिने हातातला शर्ट घडी घालून ठेवला. मग म्हणाली, "नको, मावशी. बाबांच्या फोनवर येईल."

मी म्हटलं, अगं, बँकेतून नाही देणार, हातात देईन. यंत्राचा काही संबंध नाही. कुणाला मेसेज जाणार नाही.

ती ऐकत होती. तुझ्यासारखीच मान खाली घालून ऐकायची तिची पद्धत आहे. सगळं ऐकून घेतलं आणि तेवढ्याच हळू आवाजात म्हणाली, "तरी येईल."

मी कपडे घेतले आणि घरी आले.

तुझी
मावशी